कासरा आणि प्रकाशवर्ष : काल्पनिक अकादमी व मराठी विज्ञानकथेतील कालवाचन

प्रकाश आणि काल ह्यांच्या अध्ययनास वाहिलेली एखादी अकादमी कल्पनेत उभारावी, हा वाङ्मयीन उद्योग युरोपात जुना आहे. फ्रान्सिस बेकन ह्याच्या मृत्यूनंतर १६२७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या 'न्यू अ‍ॅटलांटिस' ह्या अपूर्ण कथेत 'सॉलोमनचे सदन' नावाची एक विद्वत्सभा आहे. तिच्यात सर्व प्रकारचे प्रकाश, किरण आणि रंग ह्यांचे प्रयोग दाखविणारी स्वतंत्र गृहे आहेत, नाना तऱ्हेची विलक्षण घड्याळे आहेत, आणि देशोदेशी हिंडून ज्ञान गोळा करणाऱ्या सभासदांना तर 'प्रकाशाचे व्यापारी' अशीच संज्ञा आहे. पुढे सुमारे एका शतकाने, १७२६ मध्ये, जोनाथन स्विफ्टने 'गलिव्हर्स ट्रॅव्हल्स'च्या तिसऱ्या भागात लागाडोची अकादमी रंगविली, ती ह्याच स्वप्नाची टवाळी म्हणून. तेथे एक संशोधक आठ वर्षे काकड्यांमधून सूर्यकिरण काढण्याच्या खटपटीत आहे; ते हवाबंद कुप्यांत भरून ठेवावयाचे आणि उन्हाळा थंड निघाला की हवा उबदार करण्यासाठी सोडावयाचे, असा त्याचा बेत आहे. दुसरा एक ज्योतिर्विद नगरभवनावरील, वाऱ्याबरोबर फिरणाऱ्या कोंबड्यावर छायायंत्र बसवू पाहतो. पहिल्याने प्रकाश साठवावयाचा, दुसऱ्याने काल वाऱ्यावर टांगावयाचा, अशी ही वाटणी आहे.

ह्या दोन अकादमींत एक भेद आहे आणि भाषेच्या अभ्यासकाला तो महत्त्वाचा वाटावा. बेकनच्या सदनात भाषा हा अध्ययनाचा विषय नाही. तेथील सदस्य आपले वैभव मोजून दाखवितो आणि भाषेने ते निमूटपणे वाहून न्यावे, अशी अपेक्षा करतो. स्विफ्टच्या अकादमीत मात्र भाषेचे एक स्वतंत्र विद्यालय आहे. तेथील पंडितांची एक योजना अशी की, वाक्यातील क्रियापदे व धातुसाधिते गाळून टाकावीत, कारण कल्पनेत येणाऱ्या वस्तू शेवटी नामेच असतात. दुसरी योजना त्याहून धाडसी : शब्दच बंद करावेत आणि ज्या वस्तूंविषयी बोलावयाचे त्या पाठीवर वाहून न्याव्यात. ही थट्टा आहे हे खरे. पण पहिली योजना मराठीस लावून पाहिली, तर थट्टेच्या पोटात असलेला प्रश्न उघडा पडतो. मराठीत 'परवा' ह्या शब्दाने आजच्या अलीकडचा दुसरा दिवसही कळतो आणि पलीकडचाही. 'तेरवा'ची गतीही तीच. 'परवा आला' आणि 'परवा येईल' ह्यांतील भूत-भविष्याचा निवाडा एकटे क्रियापद करते. लागाडोच्या पंडितांनी मराठीतून क्रियापद काढून घेतले, तर मराठी माणसाला गेलेला आणि येणारा दिवस वेगळा ओळखता येणार नाही. म्हणजे काल हा मराठीत नामाच्या घरी राहत नाही, तो क्रियापदाच्या आश्रयाने राहतो. विज्ञानकथेची समीक्षा करताना ही साधी गोष्ट विसरली जाते आणि सगळे लक्ष पारिभाषिक नामांकडे लागते.

मराठी विज्ञानकथेच्या संदर्भात हा विचार करावयाचा तर जयंत नारळीकर ह्यांच्यापासूनच आरंभ करावा लागतो, कारण प्रकाश आणि काल ह्यांची अकादमी त्यांनी कल्पनेत नव्हे, प्रत्यक्षात उभारली. नारळीकरांचा जन्म १९ जुलै १९३८ रोजी कोल्हापुरात झाला. केंब्रिजमधील अध्ययन-संशोधनानंतर १९७२ मध्ये ते मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत आले, आणि १९८८ मध्ये पुणे विद्यापीठाच्या आवारात 'आयुका' ही खगोलविज्ञान आणि खगोलभौतिकी ह्यांची आंतरविद्यापीठीय संस्था त्यांच्या संचालकत्वाखाली सुरू झाली. खगोलशास्त्राचा कच्चा माल प्रामुख्याने प्रकाश हाच असतो आणि तो प्रकाश नेहमीच शिळा असतो. सूर्याचा सुमारे आठ मिनिटे वीस सेकंदांपूर्वीचा, तर सर्वांत जवळच्या ताऱ्याचा चार वर्षांहून जुना. तेव्हा अशा संस्थेत प्रकाश तपासणे म्हणजेच काल तपासणे होय. वास्तुविशारद चार्ल्स कोरिया ह्यांनी योजिलेल्या ह्या वास्तूत फूकोचा लंबकही आहे. पुण्याच्या अक्षांशावर त्याच्या आंदोलनाचे प्रतल एक फेरा पुरा करावयास सुमारे ७५ तास घेते. २० मे २०२५ रोजी नारळीकरांचे निधन झाले.

मग अशा लेखकाने आपल्या कथेत अकादमी कशी बांधली असेल, अशी उत्सुकता वाचकाला असणे स्वाभाविक आहे. येथे एक चमत्कारिक गोष्ट आढळते. त्यांच्या सर्वाधिक वाचल्या गेलेल्या कथांपैकी एक जी 'गंगाधरपंतांचे पानिपत', तीत कालाचा शोध घेण्याचे स्थान प्रयोगशाळा नाही, वेधशाळाही नाही. ते आहे मुंबईच्या टाउन हॉलमधील एशियाटिक सोसायटीचे ग्रंथालय. आणि उपकरण आहे एक बखर. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे पुण्याहून मुंबईस निघतात आणि उतरतात ते वेगळ्याच मुंबईत, जेथे ईस्ट इंडिया कंपनी अद्याप नांदते आहे. बावरून न जाता हा गृहस्थ ग्रंथालयात जाऊन आपलेच पाच खंड मागवितो. पहिले चार खंड त्याला ठाऊक असलेला इतिहास सांगतात. पाचव्यात १७६१ चे पानिपत मराठ्यांनी जिंकलेले असते. कोठे फाटा फुटला, हे तो शोधीत जातो तेव्हा बखरीचे पान त्याला सांगते की, विश्वासरावांना लागावयाची गोळी कानाजवळून निसटली आणि तिळाएवढ्या अंतराने ते वाचले.

ह्या कथेचे यश तिच्या विज्ञानात शोधणे ही समीक्षेतील रूढ वाट आहे. ती वाट थोडी बाजूस ठेवून व्याकरणाकडे पाहावे. मराठीत घडून न गेलेली गोष्ट सांगावयाची तर संकेतार्थाचा आश्रय घ्यावा लागतो : 'विश्वासराव वाचते, तर मराठे जिंकले असते.' इतिहासकार ह्या 'जर-तर'ला आपल्या शास्त्रात जागा नाही असे सांगत आला आहे, आणि गायतोंडे हे तर इतिहासकारच. नारळीकर करतात ते एवढेच की, संकेतार्थी वाक्यातील 'तर' आणि 'असते' ही दोन कुंपणे काढून टाकतात. 'विश्वासराव वाचले, मराठे जिंकले.' संकेतार्थाचा निश्चयार्थ होतो आणि त्या निश्चयार्थाला रेल्वेस्थानक, कचेऱ्या, ग्रंथालयाची वेळ आणि आझाद मैदानावरील सभा असे सगळे मिळते. वाचकाला बसणारा धक्का हा पुंज सिद्धांताचा नाही. 'असते' गेल्याचा आहे. तो धक्का पोचण्यासाठी वाचकाला भौतिकशास्त्र यावे लागत नाही, मराठी यावी लागते.

शीर्षकाचेही असेच आहे. 'पानिपत' हे मराठीत केवळ गावाचे नाव राहिलेले नाही. 'पानिपत होणे' म्हणजे दारुण फजिती होणे, धूळधाण उडणे. १४ जानेवारी १७६१ च्या पराभवाने हे विशेषनाम सामान्यनामात उतरविले. गंगाधरपंत आझाद मैदानावरील सभेत न विचारता अध्यक्षाच्या रिकाम्या खुर्चीवर जाऊन बसतात आणि संतप्त श्रोत्यांकडून त्यांचे जे होते ते ह्या अर्थाने त्यांचे पानिपतच. पण आता असा विचार करावा : ज्या मुंबईत ते उभे आहेत, तेथे पानिपत मराठ्यांनी जिंकले आहे. त्या जगातील मराठीत 'पानिपत होणे' हा वाक्प्रचार असणेच शक्य नाही. असलाच तर तो विजयाचा वाचक असेल. 'विश्वास गेला पानिपतात' ही म्हणही तेथे जन्मली नसेल. म्हणजे कथेचे शीर्षक ज्या भाषेत लिहिले आहे ती आपल्या जगाची आहे, आणि कथा जेथे घडते तेथील माणसाला ते शीर्षक कळणार नाही. दोन इतिहासांतील अंतर मोजणारे इतके सूक्ष्म साधन सबंध कथेत दुसरे नाही. हीच कथा इंग्रजी रूपात शालेय पाठ्यपुस्तकात 'द अ‍ॅडव्हेंचर' म्हणून येते. त्या शीर्षकात फजितीही नाही आणि पानिपतही नाही. मोजपट्टी गळून पडली, नुसते मोजलेले अंतर उरले.

कथेचा शेवटचा भाग मात्र ह्या उंचीवर राहत नाही. राजेंद्र देशपांडे हे पात्र गंगाधरपंतांना घडल्या प्रकाराची उपपत्ती समजावून सांगते तेव्हा कथा वर्गात जाऊन बसते. प्राध्यापक विद्यार्थी होतो आणि वाचक बाकावर. उपपत्ती चुकीची आहे असे नव्हे. ती ज्या नामप्रधान, संज्ञांच्या भाराने वाकलेल्या भाषेत येते, त्या भाषेला आधीच्या पानांवरील क्रियापदांनी केलेले काम पुन्हा करता येत नाही. बखरकाराने एका तिळाच्या मापात जे सांगितले ते समजावून द्यावयास येथे संवादाची पाने लागतात. विज्ञानकथेचे अनेक मराठी लेखक पुढे ह्या शेवटाचेच अनुकरण करीत राहिले आणि आरंभीच्या भागाचे फारसे कोणी केले नाही, हे खेदाने नमूद करावे लागते.

तिळाच्या ह्या मापाजवळ थोडे थांबणे आवश्यक आहे. मराठीत 'भर' लावून परिमाण सांगण्याची रीत सर्वत्र रूढ आहे : तीळभर, वीतभर, कोसभर, पसाभर, पळभर, घटकाभर. हा 'भर' लांबी, आकारमान आणि काल ह्यांत भेद करीत नाही. चोवीस मिनिटांची घटिका आणि हाताची वीत ह्यांना तो एकाच ओळीत बसवितो. ह्या रीतीचे सर्वांत मनोज्ञ उदाहरण शेतकऱ्याच्या बोलण्यात सापडते. कोल्हापूर-गारगोटी मार्गावरील बिद्री हे कागल तालुक्यातील गाव दूधगंगा-वेदगंगा सहकारी साखर कारखान्यामुळे सर्वदूर परिचित आहे. दूधसाखर महाविद्यालयामुळे तेथे उच्च शिक्षणाचीही सोय झाली आहे. ह्या दोन नद्यांच्या पट्ट्यात, आणि ग्रामीण महाराष्ट्रात अन्यत्रही, सकाळची वेळ सांगताना 'दिस कासराभर वर आला' असे म्हणण्याची पद्धत आहे. कासरा म्हणजे बैलाला हाकण्याचा, आवरण्याचा दोर. क्षितिजापासून सूर्य एका कासऱ्याएवढा वर चढला, म्हणजे अमुक वेळ झाली.

ह्या वाक्याचे पृथक्करण केले तर त्यात तीन गोष्टी एकमेकींत गुंफलेल्या दिसतात. एक, 'दिस' किंवा 'दिवस' ह्या शब्दाने सूर्य आणि कालखंड हे दोन्ही सांगितले जातात. 'दिवस उगवला' म्हणताना प्रकाश देणारा गोल अभिप्रेत असतो आणि 'दिवस गेला' म्हणताना काल. प्रकाश व काल ह्यांची एकत्र अकादमी काढावयास युरोपीय कल्पनेला खटाटोप करावा लागला. मराठीने दोन्ही एका शब्दात ठेवले. दोन, काल मोजावयास लांबीचे माप वापरले आहे. तीन, ते माप आकाशातले नाही, हातातले आहे. काटेकोर बोलावयाचे तर आकाशात दोराची लांबी मोजता येत नाही, कोन मोजता येतो. दोर किती दूर धरला आहे हे ठरल्याशिवाय कासऱ्याला अर्थ नाही. पण बोलणारा आणि ऐकणारा ह्यांच्यामध्ये तो संकेत ठरलेला असतो, आणि संकेत ठरला की परिमाण सिद्ध होते. मीटरचेही याहून निराळे काय आहे?

याच जिल्ह्यात प्रकाशाने काल मोजणारी एक वास्तूही उभी आहे. कोल्हापूरच्या महालक्ष्मी मंदिरातील किरणोत्सव प्रसिद्ध आहे : ९, १०, ११ नोव्हेंबर आणि ३१ जानेवारी, १ व २ फेब्रुवारी ह्या दिवशी मावळतीचे किरण महाद्वारातून गाभाऱ्यापर्यंत जातात. हे दोन गट दक्षिणायनाच्या अंतबिंदूपासून, म्हणजे २२ डिसेंबरच्या आसपासच्या दिवसापासून, दोहों बाजूंना जवळजवळ सारख्याच अंतरावर आहेत; सुमारे सहा आठवडे आधी आणि सहा आठवडे नंतर सूर्य क्षितिजावर त्याच ठिकाणी, पश्चिमेपासून सुमारे १८ अंश दक्षिणेस, मावळतो. 'परवा'प्रमाणेच येथेही एकच खूण मागचा आणि पुढचा असे दोन दिवस दाखविते, हे ध्यानी घेण्यासारखे आहे. त्या तीन दिवसांचे वर्णन करताना किरण चरणांपर्यंत आले, कमरेपर्यंत आले, मुखापर्यंत पोचले असे सांगितले जाते. अंशांत कोणी बोलत नाही. अलीकडच्या वर्षांत किरणांच्या मार्गातील बांधकामांच्या अडथळ्याची चर्चा वरचेवर होते, तीही 'किरण कोठवर पोचले' ह्याच भाषेत.

आता ह्या सगळ्याच्या शेजारी 'प्रकाशवर्ष' ही संज्ञा ठेवून पाहावी. प्रकाशाने एका वर्षात कापलेले अंतर, सुमारे ९.४६ लाख कोटी किलोमीटर, असा तिचा अर्थ. परंतु 'हा तारा चार प्रकाशवर्षांपूर्वीचा आहे' असे वाक्य विद्यार्थ्याच्या हातून सहज लिहिले जाते. परीक्षक ती भौतिकशास्त्रातील चूक समजतो. वस्तुतः ती समासाच्या अचूक ज्ञानातून घडलेली चूक आहे. तत्पुरुष समासात उत्तरपद प्रधान असते : राजवाडा हा वाडा असतो, देवघर हे घर असते, त्याच न्यायाने प्रकाशवर्ष हे वर्षच असले पाहिजे, आणि वर्ष हा काल आहे. इंग्रजी संज्ञेचे पदशः भाषांतर केल्यामुळे हा दोष मराठीत आला; मूळ इंग्रजीतही तो आहेच आणि तेथील विद्यार्थीही असेच फसतात. म्हणून संज्ञा टाकून द्यावी असे सुचविण्यात अर्थ नाही. ती रुळली आहे. प्रश्न एवढाच आहे की, ही संज्ञा बसवताना मराठीच्या घरात काय पडून होते ह्याची चौकशी कोणी केली होती काय?

कारण अंतराला कालाने मोजण्याची रीत मराठीला नवखी नाही. 'पुढचे गाव तासाभराची वाट आहे', 'तीर्थ दोन दिवसांच्या वाटेवर आहे' ही वाक्ये कोणाही मराठी माणसाची आहेत. येथे प्रधान पद 'वाट' आहे, म्हणजे अंतर. काल हा त्याचे विशेषण होऊन येतो. त्यामुळे घोटाळा संभवत नाही. तसाच शब्द 'मजल' : एका दिवसाच्या कूचाने गाठावयाचे अंतर. मजल-दरमजल करीत पानिपतापर्यंत गेलेल्या फौजेला अंतर आणि दिवस हे दोन वेगळे हिशोब ठेवावे लागत नव्हते. 'प्रकाशाची वर्षाची वाट' एवढे तीन शब्द वर्गात उच्चारले, तर प्रकाशवर्षाचा जो अर्थ व्याख्येने गळ्याखाली उतरत नाही तो सहज उतरतो. अरबी-फारसीतून आलेली 'मजल' परिभाषेच्या पंक्तीला बसवू नये, असा आग्रह एके काळी होता आणि त्यामागे संस्कृतनिष्ठ संज्ञा सर्व भारतीय भाषांत चालतील हा व्यवहार्य विचार होता, हेही मान्य केले पाहिजे. परंतु त्या विचाराची किंमत कोणी चुकती केली? ज्याच्या घरात 'वाट' आणि 'कासरा' होते, त्या विद्यार्थ्याने.

येथे विज्ञानानेच घेतलेले एक वळण सांगण्याजोगे आहे. १९८३ पासून मीटरची व्याख्या प्रकाशाने केली जाते : निर्वात अवकाशात प्रकाश सेकंदाच्या २९,९७,९२,४५८ व्या भागात जितके अंतर कापतो, तितका एक मीटर. लांबीचे मूळ मापच आता काल आणि प्रकाश ह्यांवर टेकलेले आहे. कासऱ्याने लांबीवरून काल सांगितला, मीटर कालावरून लांबी सांगतो. दोघांच्या मध्ये प्रकाश आहे. ह्यावरून आपल्या पूर्वजांना सापेक्षतावाद ठाऊक होता असा निष्कर्ष काढणारे लोक नेहमी तयारीतच असतात. त्यांनी कृपा करून येथेच थांबावे. कासऱ्याने वेळ सांगणाऱ्याला प्रकाशाचा वेग ठाऊक नव्हता आणि असण्याचे कारण नव्हते. सांगावयाचे ते एवढेच की, अशा विचाराला लागणारी वाक्यरचना त्याच्या भाषेत तयार होती.

तशी आणखीही एक रचना आहे. 'उजाडले', 'फटफटले', 'सांजावले' ही क्रियापदे मराठी व्याकरणात भावकर्तृक म्हणून ओळखली जातात. त्यांना कर्ता नाही. कोण उजाडले? ह्या प्रश्नाला उत्तर नाही; उजाडण्याचा भाव हाच कर्ता. प्रकाशाच्या येण्याजाण्याने काल पुढे सरकतो आणि तो सरकविणारा कोणी नाही, असे ही क्रियापदे सांगतात. मात्र ज्याच्या बाबतीत ते घडले, तो वाक्यात येऊ शकतो : 'मला वाटेतच उजाडले', 'त्यांना घाटात सांजावले.' उजाडणे सर्वांचे एक नसते. ज्याला जेथे उजाडले तेथे त्याचे उजाडले. पाहणाऱ्यागणिक काल वेगळा मानणाऱ्या भौतिकशास्त्राच्या विद्यार्थ्याला ही 'मला' ओळखीची वाटावी. ही उपमा ताणण्यात धोका आहे. बेंजामिन व्होर्फ ह्याने होपी भाषेत कालवाचक रूपे नाहीत असे प्रतिपादन करून त्यावरून होपींची कालकल्पनाच वेगळी ठरविली. त्याचे लेख १९५६ मध्ये संग्रहरूपाने आले आणि फार गाजले. एकेहार्ट मालोट्की ह्याने १९८३ मध्ये होपीतील विपुल कालवाचक सामग्री मांडून तो डोलारा खाली आणला. भाषा विचाराला कैद करीत नाही. पण ती विचाराला काही पायवाटा आयत्या देते, आणि लेखकाने त्या वापराव्या की नाही हा समीक्षेचा विषय होऊ शकतो.

नारळीकरांच्या लेखनाला हा निकष लावला तर निष्कर्ष संमिश्र येतो. १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेसाठी त्यांनी 'कृष्णविवर' ही कथा 'नारायण विनायक जगताप' ह्या नावाने पाठविली होती. आपल्या आद्याक्षरांचा क्रम उलटा करून बनविलेले हे नाव, आरशात पाहिल्यासारखे. त्या कथेला पहिले पारितोषिक मिळाले. 'कृष्णविवर' ही संज्ञा मराठीत चांगली रुजली, ह्याचे कारण उघड आहे : विवर म्हणजे काय हे लोणार असलेल्या प्रदेशाला सांगावे लागत नाही, आणि समासाचे उत्तरपद येथे खोटे बोलत नाही. नामे निवडताना नारळीकरांना असा कान होता. शीर्षके ठेवताना तो अधिकच तीक्ष्ण होता. भावकर्तृक क्रियापदांकडे, शेतातल्या प्रकाशाकडे मात्र त्यांचे लेखन क्वचितच वळते. त्यांची मराठी ही वाराणसी, केंब्रिज, मुंबई आणि पुणे ह्या चार नगरांतून फिरलेल्या सुसंस्कृत गृहस्थाची मराठी आहे, आणि तिने तसे असण्यात वावगे काही नाही.

शेतातला प्रकाश पाहावयाचा तर त्यांच्याहून तीन वर्षांनी वडील असलेल्या, कागल येथे १९३५ मध्ये जन्मलेल्या आनंद यादव ह्यांच्याकडे जावे लागते. 'गोतावळा' ह्या १९७१ च्या कादंबरीत नारबा हा गडी आपल्या बोलीत स्वतः निवेदन करतो. त्याचा दिवस जनावरांच्या उठण्याबसण्याने आणि उन्हाच्या चढण्याउतरण्याने पुढे जातो. घड्याळाची त्याला गरज पडत नाही. हे पुस्तक विज्ञानकथा म्हणून कोणी वाचणार नाही. तरी यंत्र आल्यावर माणसाच्या कालाचे काय होते, हा विज्ञानकथेचा आद्य प्रश्न त्यात जितक्या आतून विचारला आहे, तितका मराठी विज्ञानकथेत क्वचितच विचारला गेला असेल. मळ्यात ट्रॅक्टर येतो आणि बैल जातात. ट्रॅक्टरला कासरा लागत नाही.

आज दूधगंगेकाठच्या गावांत उसाच्या हंगामात पाळ्या, टोळ्या आणि वाहनांच्या रांगा घड्याळावर चालतात, आणि कारखान्याचा भोंगा दूरवर ऐकू जातो. 'दिस कासराभर वर आला' हे वाक्य अजून कानी पडते. वृद्धांच्या तोंडी अधिक, पण पदवीधर मुलांच्याही. मात्र त्यांपैकी अनेकांनी कासरा हातात धरलेला नाही, आणि तो किती लांब असतो असे विचारले तर घरातल्या आजोबांकडे बोट दाखवावे लागते.